सॅम केर: गोल सोडून उरलेला खेळ

फुटबॉलमध्ये ऑस्ट्रेलियासाठी सर्वाधिक गोलांचा विक्रम सॅम केरने मोडला तो आपल्या अंधेरीत. इथे पर्थमध्ये हे सांगितलं की लोकांना मैदान आठवत नाही, आणि मुंबईच्या नातेवाइकांना सांगितलं की त्यांना पटत नाही. 21 जानेवारी 2022, महिलांचा आशिया चषक, अंधेरी क्रीडा संकुलातलं मैदान, समोर इंडोनेशिया. ऑस्ट्रेलियाने 18 गोल केले, त्यातले पाच एकट्या सॅम केरचे, आणि टिम केहिलचा 50 गोलांचा विक्रम मागे पडला. केहिल पुरुषांच्या संघातला. म्हणजे हा 'महिलांमधला' विक्रम वगैरे नव्हता, अख्ख्या देशाचा होता. कोविडच्या बंधनांमुळे गॅलऱ्या ओस होत्या. आपला भारताचा संघ तर खेळाडू पॉझिटिव्ह निघाल्याने स्पर्धेतूनच बाहेर पडला, त्यामुळे आपल्याकडे ती स्पर्धा लक्षात ठेवावीशी कुणाला वाटली नसावी. नऊ दिवसांनी बालेवाडीत दक्षिण कोरियाने ऑस्ट्रेलियाला 1-0 ने घरी पाठवलं. अठरा गोलांमधला एखादा त्या दिवशी वळता करता आला असता तर!

तुम्ही भारतीय आहात हे कळलं की पर्थच्या माणसाकडून सॅमचा विषय निघतोच. तिचे वडील रॉजर कलकत्त्यात जन्मलेले, त्यांची आई भारतीय आणि वडील इंग्रज. सॅम 1993 ची, ईस्ट फ्रिमँटलची. घर खेळाडूंचं. वडील आणि थोरला भाऊ डॅनियल दोघेही ऑस्ट्रेलियन रूल्स खेळलेले, म्हणजे लंबगोल चेंडूचा तो आडदांड खेळ, ज्याच्यापुढे पश्चिम ऑस्ट्रेलियात बाकी सगळे खेळ दुय्यम. सॅमही साधारण बारा वर्षांची होईपर्यंत तोच खेळत होती. त्या वयानंतर मुलींना मुलांच्या संघात ठेवत नसत, म्हणून ती फुटबॉलकडे वळली, तीही नाखुशीनेच. आणि पंधराव्या वर्षी पर्थ ग्लोरीकडून आणि देशाकडूनही खेळली! तिची उंची काही फार नाही, पण हेडरसाठी ती उडी घेते तेव्हा बचावपटू खाली येत असते आणि ही अजून वरच असते. ते त्या जुन्या खेळाचं देणं आहे असं माझं ठाम मत आहे.

आम्ही नोकरीसाठी पर्थला आलो. तिला नोकरीसाठी पर्थ सोडावं लागलं. इथली महिलांची लीग 2008 मध्ये सुरू झाली, पण हंगाम जेमतेम तीन-चार महिन्यांचा. तेवढ्या पगारावर वर्ष निघत नसे, म्हणून बऱ्याच जणी उरलेल्या काळात दुसरी कामं करत. त्यात पर्थ म्हणजे एका टोकाचं गाव. सगळ्यात जवळचा प्रतिस्पर्धी ॲडलेडला, दोन हजार किलोमीटरवर. मुंबई-दिल्लीच्या जवळजवळ दुप्पट. मग सॅमने 2013 पासून जे केलं ते त्या पिढीतल्या अनेकींनी केलं: उत्तर गोलार्धातला उन्हाळा अमेरिकेच्या लीगमध्ये, तो संपला की विमान पकडून इथला उन्हाळा ऑस्ट्रेलियाच्या लीगमध्ये. मधे राष्ट्रीय संघाची शिबिरं. कपाटात लोकरीचा कोट ठेवायची वेळच येऊ नये असं वर्ष. ऐकायला मजेचं वाटतं, पण याचा सरळ अर्थ शरीराला सुट्टीच नाही असा होतो.

या दोन लीगच्या धावपळीतून तिने काय मिळवलं ते आकड्यांत मोठं आहे. अमेरिकेत 2017, 2018 आणि 2019 अशी सलग तीन वर्षं सर्वाधिक गोल तिचे, ऑस्ट्रेलियात दोन हंगाम, आणि 2020 च्या जानेवारीत लंडनच्या चेल्सीत गेल्यावर तिथेही दोन हंगाम. तीन खंडांतल्या तीन लीगमध्ये गोल्डन बूट मिळवणारी दुसरी खेळाडू नाही. पण पैशाची गोष्ट वेगळी. 2015 मध्ये ऑस्ट्रेलियाच्या मुलींनी पगारावरून अमेरिकेचा दौराच रद्द केला, तोही विश्वविजेत्यांविरुद्धचा. पुरुष आणि महिला संघांना समान वाटा देणारा करार व्हायला नोव्हेंबर 2019 उजाडला. सॅम तेव्हा कर्णधार होती. म्हणजे दहा वर्षं देशासाठी खेळून झाल्यावर.

आता खेळाबद्दल, कारण टीव्हीवर हे दिसतच नाही. ऑक्टोबर 2023 मध्ये ऑलिंपिक पात्रतेचा फिलिपिन्सविरुद्धचा सामना इथे झाला. आधी तो लहान मैदानावर होता, मागणी एवढी वाढली की ऑप्टस स्टेडियमवर हलवला. 59,155 प्रेक्षक, 8-0, सॅमची हॅट्ट्रिक. मी ठरवून चेंडूकडे न बघता तिच्याकडे बघत बसले. शेजारच्या काकांना मी वेडी वाटले असेन. ती शेवटच्या बचावपटूच्या खांद्याला खांदा लावून उभी राहते. सारखी मान वळवते: एकदा चेंडू, एकदा बचावपटूंची ओळ, एकदा त्या मुलीचं तोंड कुठे आहे ते. मग एकदम गोलपोस्टकडे न पळता आधी आडवी पळते, ओळीला समांतर, आणि पास सुटायच्या क्षणी आत वळते. आडवी पळाल्यामुळे ऑफसाइड (पास सुटताना बचावपटूंच्या ओळीपुढे असण्याची चूक) होत नाही आणि वेग तर आधीच आलेला असतो. समोरची मुलगी स्थिर उभी, हिची मोटार तिसऱ्या गिअरमध्ये. दहापैकी सात-आठ वेळा पास येतच नाही. मग चालत परत, आणि पुन्हा तेच. एखाद्या वेळी ती उगाचच डावीकडे पळते, दोन बचावपटू तिच्यामागे ओढल्या जातात आणि मोकळ्या झालेल्या जागेतून साथीदार केटलिन फोर्डला वाट मिळते. फोर्डनेही त्या दिवशी हॅट्ट्रिक केली. सॅमची ती धाव कुठल्याच तक्त्यात लिहिली जात नाही.

त्याच्या तीनच महिने आधी घरचा विश्वचषक झाला होता आणि पहिल्या सामन्याच्या तोंडावर तिची पोटरी दुखावली. सिडनीत 75,784 लोक जमले होते, मोठ्या पोस्टरांवर तीच, आणि ती बाकावर. साखळीतले तिन्ही सामने तिच्याविना गेले. इंग्लंडविरुद्धच्या उपांत्य सामन्यात ती पहिल्यांदा सुरुवातीपासून खेळली. 63व्या मिनिटाला मैदानाच्या मधल्या भागात चेंडू घेतला, अंगावर येणाऱ्या बचावपटूला थोपवत पुढे गेली आणि 25 मीटरवरून असा काही फटका मारला की गोलकीपर मेरी इअर्प्स हात लावूनही काही करू शकली नाही. 1-1. पुढे सॅमनेच जवळून दोन सोप्या संधी घालवल्या आणि ऑस्ट्रेलिया 3-1 ने हरलं. दुसऱ्या दिवशी ऑफिसात सगळे त्या फटक्याबद्दल बोलत होते, हुकलेल्या संधींबद्दल कुणी चकार शब्द काढला नाही. आपल्याकडे सचिन नव्वदीत बाद झाला की काय व्हायचं ते आठवून मला जरा नवल वाटलं.

जानेवारी 2024 मध्ये मोरोक्कोतल्या शिबिरात सॅमच्या गुडघ्यातला एसीएल, म्हणजे हाडांना जोडणारा लिगामेंट, तुटला. हा लिगामेंट मुलींमध्ये मुलांपेक्षा कितीतरी जास्त प्रमाणात तुटतो. कारणं अनेक सांगतात: कंबर-गुडघ्याची ठेवण, पुरुषांच्या पायाच्या मापावर बेतलेले बूट, खराब मैदानं, आणि ते न संपणारं वेळापत्रक. हेगरबर्ग, मिडेमा, पुटेयास, बेथ मीड, या नामवंत खेळाडू सगळ्या यातून गेल्या. सॅमचं पॅरिस ऑलिंपिक हुकलं. त्याच काळात लंडनमधलं जुनं प्रकरण न्यायालयात उभं राहिलं: टॅक्सीवरून झालेली बाचाबाची आणि पोलिसाला उद्देशून तिने काढलेले शब्द. फेब्रुवारी 2025 मध्ये ज्यूरीने तिला निर्दोष ठरवलं. ते शब्द मात्र कर्णधाराला शोभणारे नव्हते, हे इथले तिचे चाहतेही मान्य करतात. सप्टेंबर 2025 मध्ये, जवळजवळ पावणेदोन वर्षांनी, ती चेल्सीकडून ॲस्टन व्हिलाविरुद्ध बदली म्हणून उतरली आणि गोल केला. वय बत्तीस. वेग पूर्वीचा राहिला असेल असं मला वाटत नाही, पण ती आडवी धाव म्हातारी व्हायला वेळ आहे.

मार्च 2026 चा आशिया चषक ऑस्ट्रेलियात आहे आणि आपण त्यात पात्रता फेरी जिंकून आलोय: जुलै 2025 मध्ये थायलंडला त्यांच्याच घरी 2-1 हरवून, दोन्ही गोल संगीता बासफोरचे. व्हिएतनाम आणि जपानविरुद्धचे सामने पर्थलाच आहेत. मला बघायचंय ते मनीषा कल्याणला. पंजाबच्या या मुलीने 2021 मध्ये ब्राझीलविरुद्ध गोल केला, पुढे सायप्रसच्या क्लबकडून युरोपातल्या क्लबांची चॅम्पियन्स लीग खेळणारी ती पहिली भारतीय ठरली, मग ग्रीस, मग पेरू. सॅमसारखंच बाडबिस्तरा उचलून लीगमागे लीग. संघात असली तर जपानविरुद्ध तिला नव्वद मिनिटांत चार-पाच पास मिळाले तरी पुष्कळ. बाकीचा वेळ ती काय करते ते मला बघायचंय, म्हणून तिकीट बाजूच्या ओळीलगतचं काढणार आहे. पर्थमधल्या मराठी मंडळींनी ग्रुपवर कळवा, एकत्रच बसू.