पाखंड्याचा खटला

'शाळेने मला काय दिले' या विषयावर लिहा, असं स्मरणिकेच्या संपादक मंडळाने कळवलं आहे. शिस्त, संस्कार, मैत्री यांवर बाकीची मंडळी लिहितीलच. मी नववीतल्या एका खटल्याबद्दल लिहितो.

विज्ञानाच्या सरांनी एक माणूस कल्पनेतून उभा केला होता. त्याला नाव नव्हतं. सर त्याला नुसतं 'पाखंडी' म्हणत. त्याचं म्हणणं असं की काळ वाहत-बिहत नाही. काल, आज आणि उद्या तिन्ही सारखेच खरे आहेत. 'आत्ता' ही फक्त बोलणाऱ्याची जागा. लोकांची मती भ्रष्ट करतो म्हणून त्याच्यावर खटला भरायचा, तो वर्गाने चालवायचा आणि निकालही वर्गानेच द्यायचा. सरकारी वकील मी. पाखंड्याचं काम वर्गातल्या सगळ्यात अबोल मुलीने मागून घेतलं, तेव्हा मागच्या बाकांवर खसखस पिकली.

सरांची अट एकच होती, पण जाचक. समोरच्याचं म्हणणं आधी त्यालाही पसंत पडेल अशा शब्दांत मांडायचं, मगच खोडायचं. टीव्हीवरच्या चर्चा पाहताना ही अट हटकून आठवते.

मी थेट न्यूटनलाच साक्षीला उभं केलं. 1687 च्या 'प्रिन्सिपिया' या ग्रंथात त्याने लिहून ठेवलंय की खरा काळ बाहेरच्या कशाचीही पर्वा न करता एकसारखा वाहतो. आता बोला! ती शांतपणे म्हणाली, "एकसारखा म्हणजे किती वेगाने?" मी म्हणालो, "तासाला एक तास." वर्ग हसला आणि माझ्या लक्षात आलं की हे उत्तरच नव्हे. नदीचा वेग काठावरून मोजता येतो. काळाला काठ कुठून आणायचा?

मग तिने 1905 सालचा, सापेक्षता सिद्धांत मांडणारा आइनस्टाइन काढला. फळ्यावर आगगाडी काढली, तिच्या दोन्ही टोकांना एकेक वीज पाडली. फलाटावरच्या माणसाला दोन्ही विजा एकाच क्षणी पडल्या. धावत्या गाडीच्या मधोमध बसलेल्याच्या हिशेबाने मात्र पुढची आधी पडली. दोघांचंही गणित बिनचूक. मग सगळ्या विश्वाचं मिळून एक 'आत्ता' राहिलं कुठे? हे सगळं कागदावरचं आहे, असं म्हणून मी सुटू पाहत होतो. पण ती तयारीने आली होती. 1971 मध्ये हाफेले आणि कीटिंग या दोन शास्त्रज्ञांनी सीझियमची अतिशय अचूक अणुघड्याळं प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवून आणली आणि जमिनीवरच्या घड्याळांशी ताडून पाहिली. पूर्वेकडे गेलेली सुमारे 59 नॅनोसेकंद (सेकंदाचे अब्जांश) मागे पडली होती, पश्चिमेकडे गेलेली 273 नॅनोसेकंद पुढे गेली होती. सरांनी दोन्ही आकडे फळ्यावर लिहून खाली दोन-दोन रेघा मारल्या.

आणि हे पाखंड काही कालपरवाचं नाही, हेही तिने सांगितलं. वर्तमान आणि भविष्य जर भूतकाळाच्या आधाराने उभे असतील तर ते भूतकाळातच असायला हवेत, असा पेच प्राचीन बौद्ध तत्त्वज्ञ नागार्जुनाने घातला होता. 1908 मध्ये मॅकटॅगार्ट या इंग्रज तत्त्वज्ञाने वेगळ्या वाटेने जाऊन काळच मिथ्या ठरवला.

माझ्याकडे एकच बाण उरला होता. मला काल आठवतो, उद्या आठवत नाही. तिन्ही सारखेच खरे, तर हा पक्षपात का? तिने पाण्याच्या ग्लासात शाईचा थेंब सोडला. तो तळाकडे जाताना त्याला निळे धागे फुटत गेले आणि थोड्या वेळाने सगळं पाणी फिकट निळं झालं. शाई विस्कटायच्या रीती असंख्य, पुन्हा थेंब व्हायच्या मोजक्याच. काळाला दिशा असल्यासारखं वाटतं ते यामुळे, हा भौतिकशास्त्रज्ञ बोल्ट्झमनचा मुद्दा. तेवढ्यात सरच मधे पडले. "पण आधी सगळी शाई एका थेंबात आली कुठून?" म्हणजे, विश्व मुळात इतकं नीटनेटकं का होतं? यावर ती गप्प झाली. त्यात तिचा काय दोष. या प्रश्नावर भौतिकशास्त्रज्ञांचं अजूनही एकमत नाही.

वर्गाने पाखंड्याला निर्दोष सोडलं. मी नाराज होतो, पण सरांनाही निकाल फारसा रुचला नसावा. 1600 साली रोममध्ये ब्रूनो या तत्त्वज्ञाला पाखंडी ठरवून जाळलं म्हणून त्याचं प्रत्येक मत खरं ठरत नाही, तसं याला सोडलं म्हणून याचंही ठरत नाही, असं ते म्हणाले. मग म्हणाले, आता बाजू बदला. आजच्या भौतिकशास्त्रात 'काळ खरोखर वाहतो' म्हणणाराच पाखंडी ठरायचा. त्याच्यावरही खटला होऊ द्या. आरोपी मी.

या वेळी माझा साक्षीदार होता फ्रेंच तत्त्वज्ञ बर्गसाँ. 1922 मध्ये पॅरिसला त्याने आइनस्टाइनला तोंडावर सांगितलं होतं की घड्याळ मोजतं तेवढाच काळ नव्हे, अनुभवाला येणारा काळही विचारात घ्यावा लागेल. त्याच वर्षी आइनस्टाइनला जाहीर झालेलं नोबेल सापेक्षतेसाठी नव्हतं, हेही मी मोठ्या ऐटीत सांगून टाकलं. ती अबोल मुलगी आता सरकारी वकील होती. तिने सरांच्या अटीप्रमाणे बर्गसाँची बाजू आधी मांडली, आणि ती माझ्यापेक्षा इतकी चांगली मांडली की मला वेगळं बोलायला काही उरलंच नाही. मग ती खोडायला लागली.