कांगारूचं माहेर

लहानपणी मी एका जुन्या ॲटलासमधले खंड कात्रीने कापून एकमेकांना जोडत बसायचो. ब्राझीलचं नाक आफ्रिकेच्या बगलेत बसायचं खरं, पण मध्ये फटी राहायच्या. मला वाटायचं, आपलीच कात्री वाकडी चालली. किनाऱ्यावरून कापायचंच नसतं, हे फार उशिरा कळलं. खंडाची खरी कड पाण्याखाली असते, उथळ समुद्र संपून तळ एकदम खोल जातो तिथे. १९६५ मध्ये एडवर्ड बुलर्ड या शास्त्रज्ञाने आणि सहकाऱ्यांनी संगणकावर ती कड जुळवली, तेव्हा फटी जवळजवळ मिटल्या. हे खंड एकेकाळी जोडलेलेच होते.

पण माझं खरं वेड कांगारूचं. त्याचे पूर्वज दक्षिण अमेरिकेतून आले, असं सांगितलं की लोक माझ्याकडे संशयाने बघतात. आणि वाट कुठली, तर अंटार्क्टिका! तेव्हा ऑस्ट्रेलियासह हे तिन्ही भूभाग जोडलेले होते आणि अंटार्क्टिकावर चक्क जंगल होतं. १९८२ मध्ये तिथल्या सीमोर बेटावर पोटाला पिशवी असणाऱ्या गटातल्या प्राण्याचे जीवाश्म सापडले. चिलीच्या जंगलात आजही मोनिटो डेल मोंटे राहतो. नावाचा अर्थ 'डोंगरातलं माकडुलं', पण हे माकड उंदराएवढं आणि पिशवीवालं. त्याचं नातं शेजारच्या, त्याच पिशवीवाल्या गटातल्या ओपोसमपेक्षा ऑस्ट्रेलियातल्या मंडळींशी जवळचं आहे!

पुढे ऑस्ट्रेलिया उत्तरेला सरकला, दक्षिण अमेरिकाही सुटली. अंटार्क्टिकाभोवती समुद्र मोकळा झाला, त्यात गोल फिरणारा थंड प्रवाह सुरू झाला आणि उत्तरेचं ऊबदार पाणी तिथवर पोचेना. सुमारे ३ कोटी ४० लाख वर्षांपूर्वी तिथे बर्फाचे मोठे थर साचू लागले. (त्याच सुमारास हवेतला कार्बन डायऑक्साइडही घटला. मोठा हात कोणाचा, यावर शास्त्रज्ञ अजून भांडतात. मी कार्बन डायऑक्साइडच्या बाजूने.) ज्या वाटेने कांगारूचे पूर्वज आले ती वाटच गोठली.

एकटा पडलेला ऑस्ट्रेलिया हळूहळू कोरडा झाला. जंगलं विरळ झाली, गवत पसरलं आणि गवतावर जगणारे, उड्या मारत लांब पल्ला गाठणारे मोठे कांगारू फोफावले.

सरकणं अजून थांबलेलं नाही. ऑस्ट्रेलिया वर्षाला सुमारे ७ सेंटिमीटर उत्तरेकडे चाललाय. १९९४ साली पक्के केलेले तिथले अक्षांश-रेखांश २०२० पर्यंत १.८ मीटरने चुकायला लागले, म्हणून ते नव्याने ठरवावे लागले. मोठा लाल कांगारू ताठ उभा राहिला की साधारण तेवढाच भरतो.