हुर्राक कुठून उतरली

मार्च लागला की गोव्यात सत्तरी-डिचोलीकडच्या डोंगरउतारांवर पिकल्या बोंडूंचा, म्हणजे काजूच्या फळांचा, आंबूसगोड वास पसरतो आणि त्या वासामागून एक शब्द गावभर फिरायला लागतो. कुणी त्याला उर्राक म्हणतो, कुणी हुर्राक. तावेर्नाच्या, म्हणजे दारूच्या गुत्त्याच्या, दारावर खडूने लिहिलेला तो शब्द पावसाच्या पहिल्या सरीत पुसला जातो आणि मग पुढच्या वसंतापर्यंत त्याची कुणाला आठवण होत नाही. वर्षातून जेमतेम तीन महिने कामावर येणारे शब्द मराठीत फार नसावेत.

घाटावरच्या माणसाला हुर्राक म्हणजे काय ते सांगावे लागते: बोंडूंचा आंबवलेला रस भट्टीवर एकदाच चढवून उतरवलेली दारू. गंमत अशी की या शब्दाचा सख्खा भाऊ त्याच्याच घरात, औषधांच्या फळीवर, लहानशा बाटलीत बसलेला असतो. पोट दुखले की दोन थेंब पाण्यातून घ्यायचा तो ओव्याचा अर्क. अर्क आणि हुर्राक हे एकाच आईचे दोन मुलगे आहेत. एक वैद्याच्या घरी वाढला, दुसरा भट्टीवर, एवढाच फरक.

आई अरबी. ‘अरक’ म्हणजे घाम. भट्टीवरच्या भांड्याला घाम फुटतो, तो गोळा करायचा, आणि त्या घामालाच नाव द्यायचे. भात शिजताना झाकणाच्या पोटाला थेंब धरतात, ते पाहिलेल्या कुणालाही या नावाचा अर्थ वेगळा समजावून द्यायला नको. हा शब्द ऊर्ध्वपातनाची विद्या जिथे जिथे गेली तिथे तिथे तिचे बोट धरून गेला. लेबनॉनमध्ये बडीशेपीच्या जातीच्या दाण्यांचा अरक, तुर्कस्तानात राकी, मंगोलियात दुधापासूनची आर्खी, श्रीलंकेत माडाचा अरॅक. कच्चा माल प्रत्येक गावी निराळा, घाम मात्र तोच.

आपल्याकडे आल्यावर या शब्दाचे एक वेगळेच झाले. संस्कृतात ‘अर्क’ आधीपासून घर करून बसलेला होता. तो अर्क म्हणजे सूर्य; कोणार्कातला, बालार्कातला. आणि अर्क म्हणजे रुई, जिच्या पानांची माळ शनिवारी मारुतीला घालतात. याच रुईमुळे अर्कविवाह हा चमत्कारिक प्रकार आला. दोन बायका वारलेल्या पुरुषाने तिसरे लग्न करण्याआधी रुईच्या झाडाशी लग्न लावायचे. तिसरेपणाचा दोष झाडाच्या माथी जातो आणि येणारी नवरी हिशेबात चौथी ठरते. झाडाला कुणी विचारल्याचे ऐकिवात नाही.

तर हा परदेशी अरक आला आणि सूर्याच्या घरात सोवळे नेसून राहिला. र वर चढून रफार झाला, शब्द तत्सम दिसू लागला. रावणाच्या नावावर असलेला ‘अर्कप्रकाश’ हा वैद्यकग्रंथ उघडला की त्यातले अर्क भट्टीचे निघतात, आकाशातले नव्हेत. दशाननाच्या नावाखाली अरबी घाम! मराठीने त्याच्याही पुढे एक पाऊल टाकले. ‘काय अर्क आहे हा कार्टा’ म्हणताना मुलाला आपण सूर्यही म्हणत नाही आणि रुईही. वात्रटपणा उकळून उकळून जे शेवटी खाली उतरले ते हे रत्न, असे त्यात अभिप्रेत असावे.

आता मात्र अर्क शब्दाची फार ओढाताण चालते. पाण्यात उकळून गाळला तो काढा. दारूत मुरवून घेतला तो टिंक्चरच्या जातीचा. वाफ करून ती थंड केली तरच तो अर्क. केकमध्ये घालायच्या व्हॅनिलाच्या बाटलीवर अर्क लिहिलेले असते. त्यात घामाचा थेंबही नसतो, शेंगा अल्कोहोलात भिजत ठेवलेल्या असतात.

गोव्यात शब्द दुसऱ्या वाटेने गेला. पोर्तुगीज कानांनी तो ऐकला आणि ओराका, उराका असा लिहिला. पोर्तुगालच्या दुसऱ्या अफोंसो राजाच्या राणीचे नाव उराका होते, पण तिचा या बाटलीशी काही संबंध नाही. स्पेलिंगने जमवलेली सोयरीक आहे ती. गार्सिया द ओर्ता या वैद्याने १५६३ मध्ये गोव्यातच छापलेल्या आपल्या ‘कोलोकियुश’ ग्रंथात नारळाच्या प्रकरणात हा शब्द नोंदवला आहे. माडाचा रस ती ‘सुरा’. ती आगीवर चढवली की आधी जे उतरते ते ‘फुला’, म्हणजे फूल, इतके कडक की त्यात भिजवलेले फडके पेटते. मागून येते ती ओराका, आणि तिच्यात थोडे फूल मिसळतात. या ग्रंथात काजू कुठेच नाही. ब्राझीलहून आलेले ते झाड अजून इथल्या डोंगरांवर मिरवायला लागायचे होते. म्हणजे आज जो शब्द काजूवाचून सुचत नाही, तो आधी माडाचा होता. काजूने त्याला मागाहून दत्तक घेतले.

माडाकडे मग काय राहिले? सूर. ही संस्कृतातली सुरा. तिकडे ती धान्यापासून केलेली दारू होती, इथे रेंदेराने, म्हणजे माडावर चढून रस काढणाऱ्याने, माडाच्या पोयीतून काढलेला रस झाली. मराठी माणसाला सूर म्हटले की तंबोरा आठवतो. भट्टीवर असले घोटाळे पावलोपावली होतात, म्हणून हुर्राक समजून घ्यायची तर शब्दांचा हात धरूनच भट्टीपर्यंत उतरावे.

पहिला शब्द कोळंबी. गोव्यात ताटातल्या कोळंबीला सुंगट म्हणतात, त्यामुळे कोळंबी हा शब्द मोकळा आहे. ती म्हणजे उतारावरच्या कातळात खोदलेले उथळ टाके, एका बाजूला कललेले, खालच्या टोकाला रस वाहून जायला भोक. झाडावरून आपणहून गळलेले बोंडू रोज सकाळी वेचायचे, बी पिळून वेगळी करायची आणि फळ कोळंबीत टाकून पायांनी तुडवायचे. झाडावरून तोडलेले बोंडू चालत नाहीत. कच्च्या फळात साखर कमी आणि तुरटपणा जास्त, तो थेट बाटलीपर्यंत येतो. खाली पडून दोन दिवस झालेले फळही नको, ते आतून आंबट झालेले असते. बोंडूचे वजन बीच्या आठ-दहा पट. बी विकून पैसे, फळ उचलायला पाठ. आता बऱ्याच ठिकाणी तुडवायला यंत्र आहे. यंत्राला लोखंडाचा भाग उघडा असेल तर बोंडूतले टॅनिन त्याच्याशी मिळून रस काळवंडतो. चांगला भट्टीवाला स्टीलसाठी पैसे मोजतो ते उगीच नाही.

तुडवून उरलेल्या चोथ्याचा ढीग करायचा, भोवती रानवेल गुंडाळून घट्ट बांधायचा आणि वर जड दगड ठेवून रात्रभर सोडायचा. त्यातून थेंब थेंब जे गळते तो नीरो. महाराष्ट्रात नीरा म्हणजे ताडामाडाचा ताजा रस. इथे नीरो काजूचा, नितळ, थंडगार, पहाटे प्यायचा. दुपारपर्यंत ठेवलात तर तो तुमच्यासाठी थांबत नाही, फसफसायला लागतो.

तुडवलेला रस जातो कोड्यात. कोडें म्हणजे मोठे मातीचे मडके, पूर्वी जमिनीत अर्धे पुरलेले, म्हणजे रस थंड राहतो. आज त्याच्या जागी प्लॅस्टिकचे पिंप असते. यात खमीर घालत नाहीत, सालीवर जे असेल ते आपले काम करते. दोन-तीन दिवस रस उकळल्यासारखा बुडबुडतो, मग शांत होतो. मराठीतले कोडे इथे खरोखरच पडते: कधी चढवायचा? बुडबुडे जोरात असताना चढवला तर साखर तशीच राहते आणि अल्कोहोल कमी मिळते. शांत झाल्यावर आणखी दोन दिवस आळस केला तर वर पातळ साय धरते, वास नाकात टोचतो आणि हाती शिरका येतो. शिरक्याला परत दारू करता येत नाही. मडक्यात आधीच्या खेपेचा आंबट गाळ राहिला असेल तर हे एका दिवसातही होते.

हिशेबही मांडून पाहावा. शंभर किलो बोंडूंमधून साधारण साठ-सत्तर लिटर रस. शंभर लिटर रसात दहा-बारा किलो साखर. आंबल्यावर तिच्यातून पाच-सहा लिटर शुद्ध अल्कोहोल, बाकी सगळे पाणी. एवढे पाणी मागे ठेवून तेवढेच वर काढायचे, त्यासाठी भाण, म्हणजे भट्टीवरचे भांडे.

भाण पूर्वी मातीचे असे, आता तांब्याचे. दोन-तृतीयांशाहून जास्त भरायचे नाही. तोंड बंद करून फटी ओल्या मातीने आणि चिंध्यांनी लिंपायच्या आणि नळी लावणीत सोडायची. हो, लावणी. फडावरची नाही आणि भाताचीही नाही. वाफ जिच्यात उतरून थंड होते ते मडके. जुन्या पद्धतीत तिच्यावर सतत गार पाणी ओतत राहायचे, आता पाण्याच्या टाकीतून तांब्याची वेटोळी नळी नेतात. शब्दाचा जन्म नेमका इथे आहे. भाणाला ताप येतो आणि लावणीला घाम फुटतो.

बिघडते तेही इथेच. जाळ भडकला की रस फेसाळून नळीत चढतो आणि गढूळ, आंबट पाणी लावणीत येते. तळ करपला की जळका वास लागतो, तो पुन्हा चढवूनही पूर्ण जात नाही. लिंपण तडकले तर वाफ तिथूनच निघून जाते. मालकाला कळण्याआधी वाटसरूला कळते, कारण वास रस्त्यावर पोचलेला असतो. लावणीवरचे पाणी कोमट झाले तरी तेच, म्हणून विहीर किंवा ओहोळ जवळ नसलेल्या जागी भट्टी घालणे हा वेडेपणा.

‘पहिल्या धारेची’ हा मराठी वाक्प्रचार याच नळीखाली उभे राहून समजतो. अल्कोहोल ७८ अंशांना उकळते, पाणी १००ला. एकत्र असताना दोन्ही बरोबरच वाफेत जातात, पण सुरुवातीच्या वाफेत अल्कोहोलाचा वाटा फार मोठा असतो. म्हणून पहिली धार सर्वांत कडक, आणि पुढची प्रत्येक वाटी आधीच्या वाटीपेक्षा मवाळ. ओर्ताचे फूल ते हेच. पण पहिल्या धारेचा अगदी सुरुवातीचा भाग चांगला नसतो. त्यात नाकाला झोंबणारी हलकी द्रव्ये आणि थोडे मिथेनॉल असते, तो थोडासा भाग वेगळा काढून टाकणाऱ्याची बाटली दुसऱ्या दिवशी डोके धरत नाही. शेवटची धार आणखी ओढत बसणारा लोभी. त्याच्या बाटलीला ओल्या कापडाचा वास येतो. सगळ्या धारा एकत्र झाल्या की जे जमते ती हुर्राक.

हीच हुर्राक ताज्या आंबलेल्या रसात मिसळून पुन्हा भाणात चढवली की उतरते ती फेणी, फेणावरून नाव पडलेली. बाटली हलवली की वर मण्यांसारखे बुडबुडे धरतात आणि किती वेळ टिकतात यावरून जुने लोक तिची ताकद सांगतात. सुतरफेणीशी नाते जोडायचेच तर फेसापुरते जोडावे. फेणीच्या वाट्याला पुढे मानमरातब आले, २००९ मध्ये काजूफेणीला भौगोलिक मानांकन मिळाले. हुर्राक मात्र घरचीच राहिली.

ताकद मोजायचा शब्द ग्राव, पोर्तुगीज ‘ग्राउ’वरून आलेला. हुर्राक चौदा ते सोळा ग्राव, फेणी एकोणीस-वीस. पाहुणे इथे फसतात. पंधरा ग्राव म्हणजे पंधरा टक्के समजून, बियरपेक्षा थोडी जास्त, अशा हिशेबाने पेले रिकामे करतात. पण हे टक्क्यांचे नव्हे, कार्तिये नावाचे वेगळे माप आहे, त्यावर साध्या पाण्याचाच आकडा दहाच्या आसपास येतो. पंधरा ग्रावातले अल्कोहोल पंधरा टक्क्यांपेक्षा बरेच वर असते. त्यात लिंबूसोडा, चिमूटभर मीठ आणि उभी चिरलेली हिरवी मिरची घातली की चव सरबताची होते. मिरची फक्त चिरायची, ठेचायची नाही. बिया सुटल्या की पेल्यात दुसरे काही कळत नाही.

बोंडूचा जो वास हुर्राकेत असतो तो बाटलीत फार काळ राहत नाही. म्हणून मेअखेर ढग जमायला लागले, भिजलेल्या फळांचा रस पाणचट व्हायला लागला, की भट्टीवाला फडताळात उरलेल्या बाटल्या मोजतो. हंगामातल्या शेवटच्या कोड्यातला रस भाणात ओततो आणि त्या सगळ्या बाटल्या त्याच्यावर रिकाम्या करतो.