रात्रभर दुधात भिजलेल्या ब्रेडचा लगदा का होत नाही?

तुम्ही विचारलंत म्हणून लिहायला बसले. आमच्याकडे घरचे सगळे जमले की दुसऱ्या दिवशी सकाळी एक मोठा ट्रे ओव्हनमधून बाहेर येतो. वरून खरपूस, आतून मऊ, कडेला चीज चिकटून तांबूस झालेलं. ब्रेड, अंडी, दूध आणि चीज थरांनी रचून रात्रभर भिजवायचं आणि सकाळी भाजायचं, एवढाच हा पदार्थ. इंग्रजीत त्याला ‘स्ट्राटा’ म्हणतात. मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ थर. भूगर्भशास्त्रवाले खडकांच्या थरांना हाच शब्द वापरतात, आणि माझा पहिला प्रयत्न पाहिला असतात तर खडकांची आठवण येणं साहजिक होतं.

पूर्वी प्रश्न असायचा, “वहिनी, किती वाजता उठलात हो?” तो आता कोणी विचारत नाही, कारण उत्तर सगळ्यांना कळलंय: सगळ्यांच्या नंतर. आता जाऊबाईंपासून भाच्यापर्यंत प्रत्येकजण एकच विचारतो: “आम्ही तसंच भिजवतो, मग आमचा लगदा का होतो?”

ब्रेडमुळे. पण हे एका शब्दातलं उत्तर ऐकून लोक दुकानात जाऊन महागडा ब्रेड आणतात आणि पुन्हा लगदाच करतात, म्हणून जरा सविस्तर सांगते.

माझाही झाला होता. पहिल्यांदा केला तेव्हा घरात चौदा माणसं होती आणि मी पिशवीतला मऊसूत सँडविच ब्रेड फोडून सरळ ट्रेमध्ये अंथरला होता. दोन दिवसांचा होता, म्हणून मनाशी म्हटलं, शिळा आहे, चालेल. वर कच्च्या टोमॅटोच्या चकत्या रचल्या, दिसायला सुंदर. सकाळी सुरीने चौकोन कापायला गेले तर सुरीमागे सगळं पुन्हा मिटून आलं. तळाशी बोटभर पाणी. शेवटी डावाने वाढलं. आत्तेसासूबाई म्हणाल्या, “चव छान आहे हो.” ‘चव’ या शब्दावर त्यांनी दिलेला जोर मला अजून ऐकू येतो.

मला तेव्हा माहीत नव्हतं की शिळा ब्रेड आणि कोरडा ब्रेड या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ब्रेड शिळा होतो तो फक्त पाणी उडाल्यामुळे नाही. भाजताना फुगून मऊ झालेला त्यातला स्टार्च थंड झाल्यावर हळूहळू पुन्हा घट्ट रचना धरू लागतो, म्हणून ब्रेड कडक लागतो. बंद पिशवीत, एक थेंब पाणी न उडता, हे घडू शकतं. फ्रिजमध्ये तर बाहेरच्यापेक्षा लवकर घडतं. आणि गरम केलं की ही रचना सैल होते, म्हणूनच कालचा ब्रेड भाजला की आतून पुन्हा मऊ लागतो. म्हणजे पिशवीतला शिळा ब्रेड हाताला कडक लागला तरी त्याचं पाणी त्याच्या पोटातच असतं. दूध शोषायला त्याच्याकडे फारशी जागा नाही, आणि ओव्हनची ऊब लागली की तो होता तो कडकपणाही सोडून देतो.

म्हणून मी ब्रेड शिळा करत नाही, वाळवते. अडीच सेंटिमीटरचे तुकडे, १५० अंश सेल्सिअसला वीसेक मिनिटं, मध्ये एकदा खालीवर. रंग यायला नको, टोस्ट करायचा नाहीये. झाला की नाही हे मी कानाने ओळखते. एक तुकडा ट्रेवर टाकायचा. धप्प आवाज आला तर अजून पाच मिनिटं. टक् असा वाजला की पुरे. हातात घ्याल तर तो आकाराच्या मानाने फसवा हलका लागतो. तेवढं हलकेपण म्हणजे दुधाला रिकामी झालेली जागा. पापुद्र्यासारखी कडा असलेला, आतून दाट विणीचा ब्रेड असेल तर उत्तम, पण साधा ब्रेडही नीट वाळवला तर मान टाकत नाही. ‘कोणता ब्रेड’ यापेक्षा ‘किती कोरडा’ हे मला जास्त महत्त्वाचं वाटतं.

आता प्रमाण. मी ३३ × २३ सेंटिमीटरचा, पाच सेंटिमीटर खोल ट्रे धरते. त्याला वाळवण्याआधी मोजलेला ४५० ग्रॅम ब्रेड, ८ अंडी, ७०० मिलिलीटर सायीचं दूध आणि सव्वादोनशे ग्रॅम किसलेलं चीज. मीठ सव्वा चमचा, मिरपूड, आणि एक चमचा मोहरीची पूड. ही पूड कळून येत नाही, पण नसली तर चीज मुकं लागतं. आठ ते दहा माणसं खातात. चीज स्वतः किसा. पिशवीतल्या तयार किसाला चिकटू नये म्हणून स्टार्च किंवा तसलंच काही लावलेलं असतं, त्यामुळे तो तितका सुरेख वितळत नाही. यावर घरात वाद आहेत, मी ऐकत नाही.

भाज्या म्हणजे लपलेलं पाणी. मशरूम, पालक, कांदा, ढबू मिरची, काय हवं ते घाला, पण आधी परतून. मशरूमचं पाणी सुटतं, ते आटतं, आणि मग कढईत चर्र असा आवाज बदलतो, तिथपर्यंत थांबायचं. पालक परतून मुठीत घट्ट पिळायचा. पिळलेलं हिरवं पाणी वाटीत बघा, ते सगळं ट्रेच्या तळाशी जाणार होतं. कच्चा टोमॅटो मी तेव्हापासून घातलेला नाही. भाजी गार झाल्यावरच थरात घाला.

रात्री साडेदहाला, भांडी आवरून झाल्यावर, हे रचायला मला आवडतं. बाहेर गप्पा चालू असतात आणि आपल्याला उठून जायला एक कारण असतं. तुकडे, भाजी, चीज, पुन्हा तुकडे, आणि वरून फेटलेलं अंडं-दूध सावकाश सगळीकडे ओतायचं. वरचे तुकडे तरंगतात. लोक ते तसेच सोडतात, मग सकाळी वर कडक आणि खाली थबथबीत. मी त्यावर प्लॅस्टिकचा कागद अंथरून तळहाताने दाबते आणि वर एक ताटली ठेवते. दहा मिनिटांनी दाबलं की तळव्याखाली कळतं: आधी कुरकुर लागत होती, आता स्पंजासारखं दबतं आणि दूध कडेने वर येऊन परत आत जातं. मग ट्रे सरळ फ्रिजमध्ये. ओट्यावर नाही, ‘रात्री गारवा आहे’ म्हणूनही नाही. कच्ची अंडी आणि दूध आहे ते. आणि चोवीस तासांच्या आत भाजून टाकायचं.

सकाळी ट्रे बाहेर काढून अर्धा तास नुसता ठेवायचा. ट्रे काचेचा असेल तर हे फारच महत्त्वाचं. फ्रिजमधली काच तापलेल्या ओव्हनमध्ये गेली की तडकू शकते. माझी तडकली आहे. साडेआठ वाजता, दहा भुकेल्या माणसांसमोर, ओव्हनच्या तळाशी अंडं ठिबकत असताना. त्या दिवशी सगळ्यांनी बिस्किटं खाल्ली.

ओव्हन १८० अंशांवर. पहिली तीस मिनिटं फॉइलने झाकून, फॉइलच्या आतल्या बाजूला लोण्याचं बोट फिरवून, नाहीतर वरचं चीज फॉइलबरोबर निघून जातं. मग फॉइल काढून वीस-पंचवीस मिनिटं. ट्रे मधोमध फुगून वर आला पाहिजे. कडा फुगलेल्या आणि मध्ये खड्डा असेल तर मध्य अजून कच्चा आहे.

लगद्याचं दुसरं कारण इथे लपलंय आणि ते उलटं आहे. पाणी दिसलं की लोक ‘अजून शिजलं नाही’ म्हणून आणखी भाजतात. पण अंड्यातली प्रथिनं उष्णतेने एकमेकांना धरून जाळी विणतात आणि दूध त्या जाळीत अडकून राहतं. जास्त तापलं की जाळी आवळते आणि धरलेलं पाणी पिळून टाकते, आपण पालक पिळतो तसं. म्हणजे जितकं भाजाल तितकं पाणी सुटणार, आणि अंडं रवाळ होणार ते वेगळंच. कच्चेपणाचं पाणी दुधट आणि ओघळणारं असतं. जास्त भाजल्याचं पाणी पिवळसर, निवळ असतं. एवढा फरक ओळखता आला तर निम्मे ट्रे वाचतील.

मी आता थर्मामीटर खुपसते आणि त्याची लाज वाटून घेत नाही. अंड्याच्या अशा पदार्थांसाठी अमेरिकेच्या कृषी खात्याने सांगितलेलं किमान तापमान ७१ अंश सेल्सिअस आहे. मी मधोमध ७५ च्या आसपास दिसलं की बाहेर काढते. ८५ च्या पुढे गेलं की फाटण्याचा धोका. बाहेर काढल्यावरही आतली उष्णता काम करत असते, म्हणून पंधरा मिनिटं सुरी लावायची नाही. फुगलेला ट्रे या वेळात खाली बसतो. बसू द्या. तो बसतोय म्हणजे घट्ट होतोय. पोरांना या पंधरा मिनिटांत ताटल्या मांडायला लावा, नाहीतर ती बोटं घालतात.

अंडं न खाणाऱ्यांसाठी मी पातळ व्हाइट सॉस करून वेगळा छोटा ट्रे करते. चांगला लागतो, पण तो वेगळाच पदार्थ आहे, त्याला यातलं तापमानाचं गणित लागू नाही. आणि दोन मोठे ट्रे एकदम भाजायचे असतील तर दहा-पंधरा मिनिटं जास्त धरा आणि मध्ये वरचा खाली, खालचा वर करा.

गेल्या वर्षीपासून मी एकच बदल केलाय. मोठ्या ट्रेला कोपरे चार आणि कोपऱ्यावर हक्क सांगणारे सात. दरवेळी रडारड. आता तेच सगळं सामान वीस सेंटिमीटरच्या दोन चौकोनी ट्रेमध्ये निम्मं-निम्मं घालते. जवळजवळ तितकंच मावतं, चाळीस मिनिटांत भाजून होतं, आणि एका ट्रेमध्ये मशरूम न घालता पोरांचंही भागतं. कोपरे आठ होतात. आठवा मी स्वयंपाकघरातच खाऊन बाहेर येते.