इयरफोन घरी राहिले

इयरफोन घरी राहिले, हे पनवेल सोडल्यावर लक्षात आलं. डब्यात फोन मोठ्याने वाजवायची माझी हिंमत नाही. (ज्यांची आहे, ते शेजारच्याच बाकावर होते.) मग फोनमध्ये कधीचा उतरवून ठेवलेला मूकपट लावला. ‘तुर्कसिब’, १९२९ सालचा, सोव्हिएत. दिग्दर्शक विक्टर तुरिन. विषय मध्य आशियातला तुर्कस्तान (तुर्की देश नव्हे) आणि सैबेरिया जोडणाऱ्या, १,४०० किलोमीटरहून लांब रेल्वेमार्गाच्या बांधकामाचा. म्हटलं, पाच मिनिटांत डोळा लागेल.

पण हा गडी रुळांपासून सुरुवातच करत नाही, पाण्यापासून करतो. तापलेली जमीन, कोरडे पाट, वाट बघत बसलेली माणसं. मग डोंगरावरचा बर्फ वितळतो, थेंबाचा ओहोळ होतो, ओहोळाचा लोंढा, आणि पाणी एकदाचं कापसाला लागतं. पण आहे त्या पाण्यावर कापूस पिकवायचा की गहू? गहू सैबेरियात मुबलक, मधे मात्र वाळवंट. उंटांचा तांडा निघतो आणि वाळूच्या वादळात सापडतो. एकही रूळ पडायच्या आत आपणच मनात म्हणायला लागतो, अरे, टाका की आता रूळ!

पुढे पडद्यावर सुरुंगाने कडा उडाला आणि नेमकी तेव्हाच आमची गाडी बोगद्यात शिरली. असा धडधडाट कुठल्या इयरफोनने दिला असता?

मला सगळ्यात आवडली ती शर्यत. माळावरचे कझाक घोड्यांवर, उंटांवर, चक्क बैलांवर बसून इंजिनाच्या बरोबरीने सुटतात. बैलावरचा माणूस मागे पडणार हे उघड असतं, तरी तो पळवतोच! सरकारी कौतुकाचा चित्रपट आहे, त्यामुळे मजुरांच्या हातांवरचे फोड फारसे दिसत नाहीत. आणि पुढच्या तीन-चार वर्षांत याच माळावर सक्तीच्या सामूहिक शेतीपायी दुष्काळ पडला, दहा लाखांहून जास्त माणसं गेली. ते माहीत असल्याने ती शर्यत मी पुन्हा मागे नेऊन पाहिली.

शेवटी पडद्यावर १९३० हा आकडा येत राहतो. रूळ प्रत्यक्ष जुळले त्या वर्षीच्या एप्रिलमध्ये, म्हणजे चित्रपट संपला तरी काम चालूच होतं.

आमची गाडी क्रॉसिंगला थांबली होती. समोरचे काका कधीपासून माझ्या फोनमध्ये वाकून बघत होते.

“आवाज गेलाय वाटतं तुमच्या फोनचा,” ते म्हणाले.