थिजाणातला सावकार

मी लिहितेय त्या कल्पित जगात थिजाण नावाचं एक खोरं आहे. तिथे काळ साठपट हळू चालतो. आत एक मिनिट जातं तेवढ्यात बाहेर तास होतो. असं का होतं ते मी कादंबरीत कुठेच सांगणार नाहीये. तिथल्या लोकांनाही माहीत नाही आणि त्यांचं काही अडत नाही. पण आकडा एकदा ठरवला की तो शेवटपर्यंत पाळायचा, एवढा हट्ट मात्र आहे. सोयीप्रमाणे वाकणारी जादू मला वाचवत नाही.

आपल्या पुराणांना ही कल्पना नवी नाही. भागवतातला ककुद्मी राजा आपल्या मुलीसाठी, रेवतीसाठी, स्थळ विचारायला ब्रह्मदेवाकडे जातो. तिथे गंधर्वांचं गाणं रंगलेलं असतं, म्हणून जरा थांबतो. तेवढ्यात खाली सत्तावीस चतुर्युगं उलटतात, म्हणजे हिशेबाने ११ कोटी ६६ लाख ४० हजार वर्षं! मनात धरलेल्या वरांचं सोडाच, त्यांच्या पणतवंडांचंही नाव घ्यायला कुणी उरलेलं नसतं. पण ककुद्मी नुसता जाऊन येतो. मला त्या खोऱ्यात नांदणारी माणसं हवी होती, आणि नांदायचं म्हटलं की पोटाचा प्रश्न आला.

तिथेच खरी मजा सुरू झाली. बाहेरचा चार महिन्यांचा पावसाळा आत दोन दिवसांत उरकतो. बी रुजायच्या आत पाऊस संपलेला. वर्ष सहा दिवसांचं, सूर्य चोवीस मिनिटांत उगवून मावळून पुन्हा उगवायला तयार. शेती अशक्यच. वरून येणारी नदी आतल्या माणसाला साठपट जोराने येताना दिसणार, म्हणजे बाहेरचा ओढा हा आतला महापूर. म्हणून वस्ती काठावर नाही, उंच कड्यांवर आहे. धान्य सगळं बाहेरून येतं, पण ते बाहेरच्यांना जड जात नाही. आतल्या माणसाचं वर्षाचं धान्य बाहेरच्या हिशेबाने साठ वर्षं पुरतं.

भौतिकशास्त्र मात्र मी दाराबाहेर ठेवलं. आपल्या पृथ्वीवरही पायथ्याचं घड्याळ शिखरावरच्या घड्याळापेक्षा किंचित हळू चालतं, पण तो फरक सेकंदाच्या अतिसूक्ष्म भागांचा. दोन-चार कोसांत साठपट फरक पडायचा तर गुरुत्वाकर्षण इतकं प्रचंड लागेल की खोऱ्यात उतरणाऱ्याचा चुराडा होईल. शिवाय आतून येणारा प्रकाश साठपट ताणला जाऊन अवरक्त, म्हणजे डोळ्यांना न दिसणारा, होईल आणि बाहेरून खोरं काळंकुट्ट दिसेल. आत जाणारा सूर्यप्रकाश आखडून जवळजवळ क्ष-किरणांपर्यंत पोचेल आणि सगळ्यांना भाजून काढेल. तेव्हा प्रकाशाला माफी. आवाजाला मात्र माफी दिली नाही. आतल्या माणसाचं बोलणं बाहेर येईपर्यंत इतकं खाली उतरतं की कानाला ऐकूच येत नाही.

त्यामुळे एक प्रसंग आपोआप हाती लागला. खोऱ्याबाहेर, कडेला उभी असलेली आई आतल्या मुलाकडे बघतेय. त्याने पाऊल उचललंय, ते जमिनीला टेकायला अर्धा मिनिट लागतो. नुसती पापणी मिटून उघडायला पंधरा-वीस सेकंद. तिला त्याला काही सांगायचं असेल तर पाटीवर लिहावं लागतं, आणि दोन ओळींसाठी पाटी दहा मिनिटं न हलवता धरावी लागते. हात भरून येतात. म्हणून ती कमी शब्दांत लिहायला शिकलीय: ‘बाबा आजारी. ये.’ त्याच्या चेहऱ्यावर ते उमटेपर्यंत ती पाटी खाली ठेवून हात चोळत बसते.

पण माझं लाडकं पात्र सावकार आहे. कुळाला दरमहा शेकडा दोन दराने पैसे द्यायचे आणि आपण महिनाभर थिजाणात जाऊन बसायचं. बाहेर तेवढ्यात साठ महिने होतात, म्हणजे पाच वर्षं. सरळव्याज धरलं तरी शंभराचे दोनशेवीस झाले, आणि हा म्हातारा झाला फक्त एका महिन्याने. त्याच्या घराण्यात तीन पिढ्यांची कुळं एकाच सावकाराला ‘आजोबा’ म्हणतात.

मग एक कूळ शहाणं निघतं. कर्ज घेऊन तेही सावकाराच्या मागोमाग आत उतरतं, महिन्याने त्याच्याबरोबरच बाहेर येतं आणि पंचांसमोर म्हणतं, ‘मी पैसे एकच महिना वापरलेत, दोनच रुपये व्याज देणार.’ सावकार बाहेरचं पंचांग पुढे करतो. कूळ म्हणतं, आपण दोघंही तिथे नव्हतो, मग ते पंचांग कुणाचं? पंच आयुष्यात कधी खोऱ्यात उतरलेले नाहीत, त्यामुळे त्यांना पंचांगच खरं वाटतंय. माझा कल कुळाकडे आहे. पण त्याला जिंकवलं तर पुढच्या प्रकरणात सगळा गाव कर्ज काढून थिजाणात जाऊन बसेल आणि वरून धान्य पाठवायला कुणी उरणार नाही. तेव्हा निकाल अजून लिहिलेला नाही.