डाग हलला

एका अभ्यासवर्गासाठी जुन्या टीव्ही-नाटकांना मराठी सबटायटल्स द्यायचं काम माझ्याकडे आलं होतं. त्या दिवशी समोर होता बीबीसीच्या ‘द क्वाटरमास एक्सपेरिमेंट’चा दुसरा भाग, १९५३ सालचा. अंतराळात तिघे गेले, बंद यानातून एकटाच परतला. बाकीचे दोघे गेले कुठे, याचा शोध चाललेला. संवादांच्या वेळा लावताना चित्रावर एक काळा डाग दिसला. फाईल खराब असेल असं समजून मी ‘दुसरी प्रत पाठवा’ असा निरोप धाडला. पुन्हा पाहिलं, तर डाग हलला. कीटक होता तो!

नाटक थेट प्रक्षेपित होत होतं. व्हिडिओटेप वापरात यायला अजून तीन वर्षं होती. जपून ठेवायचं तर मॉनिटरसमोर फिल्म कॅमेरा लावायचा आणि काचेवरचं चित्र टिपायचं. हा कीटक नेमका त्या काचेवर येऊन बसला होता, आणि नाटक तर थांबवता येत नव्हतं. चित्राचा दर्जा पटेना, म्हणून पुढचे चार भाग टिपलेच नाहीत. सहापैकी दोनच उरले.

काम बाजूला ठेवून मी वाचत बसले. लेखक नायजेल नील, निर्माते रुडॉल्फ कार्टियर. बीबीसीत तेव्हा निर्माताच दिग्दर्शनही करी. कार्टियर मूळचे व्हिएन्नाचे, बर्लिनमध्ये पटकथा लिहीत; नाझींच्या काळात ब्रिटनला आले. पहिला भाग लोकांनी पाहिला तेव्हा नील यांचे शेवटचे दोन भाग लिहूनही व्हायचे होते!

पण मी थबकले ते शेवटच्या भागापाशी. लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबी या जुन्या चर्चमध्ये अक्राळविक्राळ जीव दाखवायचा, आणि हाताशी पैसा बेताचा. नील यांनी हातमोज्यांवर पालापाचोळा चिकटवला, ॲबीच्या मोठ्या फोटोला भोकं पाडली आणि प्रक्षेपण चालू असताना त्यांतून स्वतःचेच हात घालून हलवले. ज्या हातांनी गोष्ट लिहिली तेच हात २२ ऑगस्ट १९५३ च्या रात्री घराघरांत दिसले. ते दृश्य आज कुठेच नाही. कीटक मात्र आहे.

मी निरोप मागे घेतला. हीच प्रत चालेल म्हणून कळवलं. कीटक दिसतो तेवढ्या मिनिटांतली वाक्यं पुन्हा छाटली, शक्य तितकी आखूड केली. वाचून होताच नजर वर जायला सवड मिळावी म्हणून.